‘चीफची तिसरी सून’, भाग दोन, पाहण्याची रीतसर पद्धत

सिनेमा पाहावा की पाहू नये, याबद्दल जगात पूर्वीपासून मतभेद आहेत. परंतु पाहायचाच झाला तर तो रीतसर पाहावा, याबद्दल मात्र ज्यांनी आजवर एकही सिनेमा रीतसर पाहिलेला नाही अशा सर्व सुजाण नागरिकांचं संपूर्ण एकमत आहे. कालाबार शहरातल्या आमच्या गल्लीत असे सुजाण नागरिक दोनशे चौदा. उरलेले एक म्हणजे आसुक्वो हेनशॉ.

गल्लीत त्यांना सगळे ‘एते’ म्हणत, वडीलधाऱ्या माणसाला म्हणतात तसं. वजनमापे खात्यात बत्तीस वर्षं काढून ते निवृत्त झाले आणि त्या बत्तीस वर्षांत त्यांनी कुठल्या दुकानदाराचा उकडलेला भुईमूगही फुकट चाखला नाही (निरोप समारंभाला खात्यातला एकूण एक माणूस हजर होता आणि सगळ्यांचे चेहरे खुलले होते). लाइट गेल्यामुळे चौकातला सिग्नल काळाठिक्कर पडला, तरी एते थांबत. किती वेळ? तर तो चालू असता तर हिरवा व्हायला जेवढा वेळ लागला असता, अंदाजे तेवढा. मागचे रिक्षावाले भोंगे वाजवून त्यांच्या प्रामाणिकपणाला दाद देत.

अशा माणसाला सिनेमाची गरज का पडली, तर त्यांच्या थोरल्या बहिणीमुळे.

आतिमताई. शेजारच्या खोलीत राहत. नदीकाठच्या बाजारात चाळीस वर्षं मासे विकून त्यांनी या भावाला शिकवलं. पंचवीस वर्षांपूर्वी आमच्याच बाजारात ‘चीफची तिसरी सून’ या सिनेमाचं चित्रण झालं. कोळिणीचं काम करणारी नटी उन्हाने चक्कर येऊन पडली आणि दिग्दर्शकाने समोर बसलेल्या खऱ्या कोळिणीला उभं केलं. तीन वाक्यं होती. सून मासे मागते, तेव्हा म्हणायचं, “तुला मासा मिळणार नाही. नदी माझी, तराजूही माझा. तुझ्या सासऱ्याला जाऊन सांग.” आतिमताईंनी ती म्हटली आणि वर चौथं स्वतःच्या पदरचं जोडलं, “आणि मुकाट्याने सांग, नाहीतर मी येऊन सांगेन, मग त्याला जेवण जायचं नाही.” दिग्दर्शकाने ते तसंच ठेवलं. सिनेमा गावभर पाहिला गेला. आजही आमच्याकडे कुणी उधारी मागितली की दुकानदार ‘नदी माझी, तराजूही माझा’ म्हणतो आणि विषय संपतो.

आतिमताईंनी तो सिनेमा पाहिला नव्हता.

झालं असं की तेव्हा शेजाऱ्याने हौसेने त्याची कॅसेट आणली होती. सगळी गल्ली एतेंच्या घरात जमली. एतेंनी कॅसेट हातात घेतली, उलटसुलट केली, आणि म्हणाले, “हिच्यावर शिक्का कुठाय? ही चोरीची आहे.” एवढं बोलून ते स्वतःच्याच घरातून बाहेर जाऊन उभे राहिले. आतिमताई दोन क्षण पडद्याकडे बघत राहिल्या. मग त्याही उठल्या आणि भावाशेजारी जाऊन उभ्या राहिल्या. आत गल्ली टाळ्या वाजवत होती, बाहेर हे दोघे रस्त्याकडे तोंड करून.

“मी बघेन तर तुझ्याबरोबर बघेन,” त्या म्हणाल्या. “तू शिक्क्याची आण, मी वाट बघते.”

वाट बघण्याला पंचवीस वर्षं झाली आणि यंदा डॉक्टरांनी सांगितलं की ताईंचा काचबिंदू आता औषधाला जुमानत नाही. जे पाहायचं ते सहा महिन्यांत पाहून घ्या.

त्या दुपारी ताई भावाच्या ओसरीवर येऊन बसल्या. “आसुक्वो,” त्या म्हणाल्या, “मी अजून सांगते, मला सगळं जग बघायचं नाही. निम्मं बघून झालंय, बाकीच्यात काही राम नाही. मला फक्त माझं तोंड बघायचंय. पन्नाशीच्या आतलं.”

एतेंनी चष्मा पुसला आणि मोबाइल काढला.

आता, घरबसल्या सुरक्षितपणे आणि कायद्याने सिनेमा दाखवणाऱ्या संस्था पुष्कळ आहेत, आणि त्यांतल्या एकीवर ‘चीफची तिसरी सून’ होताही. कुणीही सामान्य माणूस ‘मला मान्य आहे’ या चौकोनावर बोट ठेवून मोकळा होतो. (आमच्या गल्लीने केलेल्या पाहणीनुसार अटी वाचण्यास लागणारा सरासरी वेळ शून्य पूर्णांक चार सेकंद. यात बोट चुकण्याचा वेळ धरलेला आहे.) एते म्हणाले, जे वाचलं नाही ते मान्य कसं करायचं? त्यांनी अटींची एकसष्ट पानं छापून आणली आणि चौदा दिवस वाचली. त्यांत शुद्धलेखनाच्या नऊ चुका सापडल्या. त्या त्यांनी संस्थेला आदरपूर्वक कळवल्या.

खरी अडचण सतराव्या अटीत होती. सिनेमा फक्त ‘एका कुटुंबातील, एका घरात राहणाऱ्या’ व्यक्तींनीच पाहायचा. आतिमताईंची चूल वेगळी होती आणि मध्ये भिंत होती. एतेंनी संस्थेला विचारलं, सख्खी बहीण पण स्वतंत्र चूल, हे कुटुंबात बसतं काय? संस्थेने ताबडतोब उत्तर पाठवलं की तुमचा प्रश्न आमच्यासाठी महत्त्वाचा आहे. दुसऱ्यांदा विचारलं, तेव्हाही तो तितकाच महत्त्वाचा होता.

शेवटी एतेंनी ताईंनाच बिऱ्हाडासकट आपल्या घरात आणलं. पलंग, उखळ, दोन पेट्या आणि एक शेळी.

“शेळी कशाला?” एतेंच्या पत्नी न्कोयोबाईंनी विचारलं.

“बिऱ्हाड म्हणजे पूर्ण बिऱ्हाड,” एते म्हणाले. “उद्या कुणी तपासायला आलं आणि शेळी पलीकडे दिसली, तर?”

“अहो, सिनेमा तपासायला कोण येतंय?”

“मी असतो तर आलो असतो.”

ते खरं होतं, म्हणून न्कोयोबाईंनी शेळीसाठी खुंटी ठोकली.

रविवारी प्रार्थनेहून आल्यावर सगळे बसले. ताईंनी चर्चला नेसलेलं जरीचं वस्त्र तसंच ठेवलं होतं, डोक्याला नवा रुमाल बांधला होता. स्वतःच्याच भेटीला जायचं म्हणजे नीटनेटकं जायला हवं. सिनेमा सुरू झाला. चीफचं पहिलं लग्न झालं, थोरली सून आली, मधली आली, विहिरीत साप निघाला, वकील मेला. दोन तास दहा मिनिटं ताई पडद्याला नाक लावून बसल्या होत्या. बाजार दिसला की एतेंचा हात धरत. तिसरी सून टोपली घेऊन बाजाराच्या दिशेने निघाली, आणि पडद्यावर अक्षरं आली, ‘पहिला भाग समाप्त’.

ताई दुसऱ्या भागात होत्या.

एतेंनी दुसऱ्या भागावर बोट ठेवलं. ‘क्षमस्व. ही कलाकृती आपल्या प्रदेशात उपलब्ध नाही.’

आमच्या घरापासून दोनशे पावलांवर चित्रित झालेली ती कलाकृती फिनलंडमध्ये उपलब्ध होती. कॅनडात होती. जिथे फक्त मेंढ्या आणि एक पोस्टमास्तर राहतो अशा एका बेटावरही होती. त्या पोस्टमास्तरने आतिमताईंना पाहिलं असण्याची शक्यता होती. ताईंना मात्र त्या उपलब्ध नव्हत्या.

“मी उगीच नटले,” असं म्हणून ताईंनी डोक्याचा रुमाल सोडला आणि शेळीला पाणी दाखवायला गेल्या.

एतेंना त्या दिवशी जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी शेजारचे गणिताचे मास्तर उपाय घेऊन आले. “सोपं आहे, एते. एक युक्ती बसवायची. त्या मशीनला वाटतं तुम्ही फिनलंडात आहात. सगळे करतात.”

“म्हणजे खोटं सांगायचं?”

“मशीनला सांगितलेलं खोटं, खोटं नसतं हो.”

“तराजू मशीनच असतो,” एते म्हणाले. मास्तर चहा न पिता गेले.

यानंतर एतेंनी योग्य तो मार्ग धरला, म्हणजे कार्यालयाचा. आमच्या शहरात ‘सुरक्षित व विधिवत दर्शन प्रोत्साहन कक्ष’ आहे. जनतेने रीतसर सिनेमे पाहावेत यासाठी तो झटतो. कक्षाच्या दारावर पाटी आहे, भिंतीवर चोराच्या हाताला बेडी घातल्याचं चित्र आहे, आणि आत एक्पेन्यॉन्ग साहेब आहेत. एते गेले तेव्हा साहेब कामात होते. (कामाचा आवाज दाराबाहेर येत होता, दोन सवती भांडत होत्या आणि मागे ढोल वाजत होता.)

साहेबांनी संगणकाचा आवाज बंद केला आणि तीन प्रतींतला अर्ज पुढे केला. अर्जात पुढील बाबी होत्या: प्रेक्षकाचं नाव. सिनेमाचं नाव. पाहण्याचं कारण. यापूर्वी पाहिला असल्यास पुन्हा पाहण्याचं कारण. अपेक्षित भावना (हसू, रडू, बोध यांपैकी एकावरच खूण करावी). सिनेमा अर्धवट सोडल्यास जबाबदार राहणाऱ्या नातेवाइकाची सही.

‘अपेक्षित भावना’पाशी एते बराच वेळ थांबले. “साहेब, मला दोन वाटतात.”

“दोन असतील तर दोन अर्ज लागतील.”

एतेंनी दोन अर्ज भरले. तीन आठवड्यांनी त्यांना ‘निर्दोष प्रेक्षक’ असं प्रमाणपत्र मिळालं, शिक्क्यासह. क्रमांक एक.

“आता हे घेऊन सिनेमा कुठे बघायचा?” एतेंनी विचारलं.

“रीतसर जागांची यादी तयार होतेय.”

“कधीपासून?”

“कक्ष स्थापन झाल्यापासून,” साहेब अभिमानाने म्हणाले. मग एतेंचा चेहरा पाहून त्यांचा आवाज उतरला. “एते, मला नोकरीला अकरा वर्षं झाली. लोक येतात, पंख्याखाली बसतात, जातात. पूर्ण अर्ज भरलेले तुम्हीच. मला खरंच ठाऊक नाही पुढे काय करतात ते. तुम्ही असं करा, ज्याने सिनेमा काढला त्यालाच विचारा. आणि त्याने काही सांगितलं, तर मलाही कळवा.”

तोवर चार महिने गेले होते. ताई आता चहाचा कप चाचपून घेत आणि वाटेत शेळी आडवी आली की तिला “सरक गं न्कोयो” म्हणत. न्कोयोबाई ते मनावर घेत नसत, निदान आधीइतकं नाही.

निर्माते ओबियाजुलू ‘आबा’ नावाच्या गावात राहत. एते पहाटेच्या बसने निघाले आणि दुपारी पोहोचले. निर्मात्याने सिनेमाचा धंदा कधीच सोडला होता; आता ते पाण्याच्या टाक्या विकत. एका उलट्या ठेवलेल्या टाकीवर बसून त्यांनी एतेंचं सगळं ऐकून घेतलं. प्रमाणपत्र पाहिलं. अटींची एकसष्ट पानं पाहिली, खुणांसकट.

“म्हणजे तुम्ही परवानगी मागायला आलात?”

“हो.”

“माझी?”

“सिनेमा तुमचा आहे ना?”

ओबियाजुलू उठून एका टाकीच्या मागे गेले. थोड्या वेळाने नाक पुसत परत आले. “एते, या सिनेमासाठी मी घर विकलं. लोकांनी तो कॅसेटवर पाहिला, तबकडीवर पाहिला, मोबाइलवर पाहिला. माझ्या स्वतःच्या व्याह्याने लग्नाच्या मांडवात लावला आणि मला म्हणाला, ‘बघा, तुमचाच आहे.’ पंचवीस वर्षांत विचारायला आलेले तुम्ही पहिले.”

त्यांनी तिथेच टाक्यांच्या पावतीपुस्तकाच्या मागे परवानगी लिहिली. ‘आसुक्वो हेनशॉ आणि त्यांची बहीण आतिम यांना दुसरा भाग एकदा पाहण्यास माझी आनंदाने परवानगी आहे.’ खाली सही, त्यावर टाकीचं चित्र असलेला शिक्का.

“आणि सिनेमा?” एतेंनी विचारलं.

“माझ्याकडे कुठला? मूळ प्रत वाळवीने खाल्ली. परदेशचे हक्क विकले, घेणाऱ्यांनी तो फिनलंडला का नेला देव जाणे. तुमच्याच बाजारात इक्वो म्हणून बाई आहे, मोबाइलमध्ये सिनेमे भरून देते. मला हवा होता तेव्हा मीही तिच्याकडूनच आणवला होता. माझ्या मोबाइलबरोबर तोही चोरीला गेला.” मग ते अजिजीने म्हणाले, “मिळाला, तर एक प्रत मलाही पाठवाल का?”

इक्वोबाई पूर्वी शाळेत ग्रंथपाल होत्या, आणि त्यांच्या टपरीत अकरा हजार सिनेमे अकारविल्हे, सालवार, नायिकेच्या मरणाच्या प्रकारानुसार लावलेले आहेत. देशातलं एवढं चोख संग्रहालय दुसरं नाही आणि ते पूर्णपणे बेकायदा आहे. एते समोर उभे राहिले, प्रमाणपत्र ठेवलं, परवानगीपत्र ठेवलं आणि म्हणाले, “मला ‘चीफची तिसरी सून’, भाग दोन, कायदेशीररीत्या हवा आहे.”

इक्वोबाईंनी टपरीचं दार ओढून घेतलं. तीन दिवस ती उघडली नाही.

चौथ्या दिवशी एते पुन्हा गेले. बाई फटीतून बोलल्या. “साहेब, मी गरीब आहे. पकडायचं तर सरळ पकडा. पण असे कागद दाखवून घाबरवू नका.”

“मी पकडायला आलो नाही. माझ्याकडे परवानगी आहे.”

“तीच तर भीती वाटते! माझ्याकडे रोज शंभर गिऱ्हाइकं येतात. पोलीस येतो, पाद्री येतो, त्या कक्षातले साहेब दर शुक्रवारी येतात. परवानगी घेऊन आजवर कुणी आलं नाही. अशा माणसाशी व्यवहार कसा करायचा ते मला माहीत नाही.”

एते फळीवर टेकले. त्यांनी आयुष्यात पहिल्यांदाच एखाद्या व्यापाऱ्यापुढे मान खाली घातली. “बाई,” ते म्हणाले, “माझ्या बहिणीला आता दिवसासुद्धा धुकं दिसतं. ती त्यात आहे. मासे विकणारी.”

दार उघडलं. “नदी माझी, तराजूही माझा?”

“तीच.”

“अगं बाई! आतिम तुमची बहीण? आणि तिने तो अजून पाहिलाच नाही?” इक्वोबाईंनी एतेंकडे असं पाहिलं, की बत्तीस वर्षांत एकाही लबाड दुकानदाराकडे एतेंनी तसं पाहिलं नव्हतं. “चोर मला म्हणता होय!” असं पुटपुटत त्यांनी सिनेमा भरून दिला. काही घेतलं नाही. वर म्हणाल्या, “माझा नमस्कार सांगा तिला.”

त्याच दुपारी एतेंनी पडदे ओढले. ताई जवळ बसल्या, अगदी जवळ. या वेळी त्या नटल्या नव्हत्या. तिसरी सून टोपली घेऊन बाजारात आली. गर्दी हलली, फळीमागे कुणीतरी उठून उभं राहिलं, आणि त्याच क्षणी पडद्याच्या कडेने एक रुंद पांढरी पट्टी सरकत आली आणि बरोबर त्या चेहऱ्यावर येऊन थांबली.

आवाज स्वच्छ होता. “तुला मासा मिळणार नाही…”

“आसुक्वो,” ताईंनी त्यांचं मनगट घट्ट धरलं, “सगळं पांढरं झालं रे. गेले का माझे डोळे?”

“नाही, ताई. डोळे आहेत. ती सूचना आहे.”

“कसली सूचना?”

एतेंनी वाचली. “‘चोरीची प्रत पाहणे हा गुन्हा आहे. प्रामाणिक प्रेक्षक व्हा. आपला नम्र, निर्माता.’”

“मग माझं तोंड कुठाय?”

“तिच्या मागे.”

चारही वाक्यं संपेपर्यंत सूचना जागची हलली नाही. मग सून रडत निघून गेली आणि पट्टीही सरकून गेली. एतेंना वाटलं, ताई आता रडतील. पण त्या हसायला लागल्या, आधी पोटात, मग मोठ्याने, इतक्या की न्कोयोबाई स्वयंपाकघरातून धावत आल्या.

“काय मेल्या निर्मात्याची नेमबाजी!” ताई म्हणाल्या. डोळे पुसले. “बरं, सांग आता. कशी दिसते मी?”

एतेंनी पडद्याकडे पाहिलं, तिथे आता चीफ खोकत होता. मग ते बोलू लागले. निळं कापड नेसलीस. बाह्या वर खोचल्यात. कपाळाला माशाचा एक खवला चिकटलाय, तुला माहीत नाही. हसत नाहीयेस, पण कुणी काही बोललं तर लगेच हसशील असं वाटतं. माझी फी भरायला शाळेत यायचीस ना, तशीच.

“जाड दिसते का?”

“नाही,” एते म्हणाले. न तपासता दिलेलं हे त्यांचं पहिलंच माप.

“परत लाव.”

एतेंनी परवानगीपत्र काढलं. ‘एकदा’ या शब्दाखाली निर्मात्याने रेघ ओढली नव्हती, पण शब्द स्पष्ट होता. त्यांनी पत्राची नीट घडी केली, ती खिशात ठेवली आणि सिनेमा मागे नेला. त्या दुपारी त्यांनी तो तुकडा अकरा वेळा लावला आणि अकरा वेळा तोंडी भरून काढला. आठव्या वेळेपासून ताईंच्या गळ्यात मोत्यांची माळही आली.

अशा रीतीने आमच्या गल्लीतला शेवटचा रीतसर माणूस कामी आला. कक्षाचं क्रमांक एकचं प्रमाणपत्र त्यांनी दुसऱ्या दिवशी स्वतः नेऊन परत केलं. एक्पेन्यॉन्ग साहेबांनी ते घेतलं आणि हळूच विचारलं की चीफ दुसऱ्या भागात मरतो का.

वाचकांनी या अधःपतनाबद्दल एतेंना नावं ठेवावीत, तो त्यांचा अधिकार आहे. वास्तविक ही कथा एका छापील पुस्तकातली आहे आणि ते दुकानात मिळतं, पण तुम्ही ती सकाळच्या फुलाच्या चित्राखाली, मोबाइलवरच्या ‘दुर्मिळ पुस्तके’ नावाच्या गटात, आपोआप आलेल्या पानांवर वाचत आहात, हे मला ठाऊक आहे. संकोच नको. आणखी सतरा जणांना पुढे पाठवाल, तेव्हा खाली लेखकाचं नाव तेवढं राहू द्या. मागच्या वेळी तिथे दुसऱ्याच कुणाचं होतं, आणि त्याखाली पहिला अंगठा तुमचा होता.